छतावर कोंबड्या पाळणारी इमारत

प्रश्न : न्यूयॉर्कला लेकीकडे गेले असताना ब्रॉडवेवर, ७३व्या रस्त्याच्या कोपऱ्यावर, गोल बुरूज आणि नक्षीदार लोखंडी गॅलऱ्यांची एक जुनी इमारत पाहिली. जावई म्हणतात, आत फ्लॅटच आहेत. हा राजवाडा बांधला तरी कोणी?
– एक वाचक, सांगली

उत्तर : जावईबापू बरोबर सांगतात. ती अन्सोनिया. तांब्याच्या धंद्यावर गब्बर झालेल्या घराण्यातल्या डब्ल्यू. ई. डी. स्टोक्सने ती फ्रेंच वास्तुकार पॉल दुबॉयच्या मदतीने उभारली. काम १८९९मध्ये सुरू झालं, १९०४मध्ये दारं उघडली. मजले सतरा.

स्टोक्स भलताच हौशी. गच्चीवर त्याने चक्क कोंबड्या, बदकं, शेळ्या पाळल्या होत्या. ताजी अंडी भाडेकरूंच्या दारात पोचत. (आपल्याकडची सोसायटी असती तर पहिल्याच सभेत राडा झाला असता!) १९०७मध्ये आरोग्य खात्याने ते सगळं बंद पाडलं. दुसऱ्या महायुद्धात छपराकडची तांब्याची सजावटही उतरवून नेली, त्यामुळे तुम्ही पाहिलेला थाट मुळापेक्षा कमीच. पुढे इमारत पाडायचं घाटत होतं, पण १९७२मध्ये शहराने तिला वारसा वास्तूचा दर्जा दिला.

मला विचाराल तर नक्षीपेक्षा भिंती मोलाच्या. त्या इतक्या जाड की शेजारच्या घरातला रियाज ऐकू येत नसे. म्हणूनच गवई-वादकांनी इथे बिऱ्हाडं थाटली. वाद्यवृंद-संचालक तोस्कानिनी, संगीतकार स्ट्राविन्स्कीसारखी मंडळीही राहून गेली.