गोदामात आमचीच माणसं माल उतरवतात, तरी माथाडी युनियन काम आणि लेव्ही मागते. कोर्टात जावं का?

तुम्ही लिहिलंय की लातूरला गोदाम आहे, पगारावरची आठ माणसं गाड्या खाली करतात, आणि युनियनचं पत्र आलंय: आमच्या टोळीला काम द्या, मागची लेव्ही (हमालाच्या मजुरीवर मालकाने भरायची जादा रक्कम) भरा. वकील म्हणतात, स्टे आणू.

मी वकील नाही. बावीस वर्षं मोंढ्यातल्या आडतीवर आणि नंतर एका डाळमिलमध्ये हिशेब लिहिला. वडील हमाल होते. त्यामुळे दोन्हीकडचं बोलणं घरात आणि गादीवर ऐकत आलोय. कोर्टाची पायरी चढण्याआधी स्वतःची वही उघडा, एवढंच माझं सांगणं आहे.

आमच्या मिलनेही हेच म्हटलं होतं की सगळी माणसं आमची, पगारपत्रक आहे, पीएफ आहे. माथाडी मंडळाचे निरीक्षक आले, पगारपत्रक पाहिलं आणि मग रोजकीर्द, म्हणजे रोजच्या जमाखर्चाची वही, मागितली. सोयाबीन-तुरीच्या हंगामात रोज एक ओळ होती: 'हमाली, टोळी, ४१० कट्टे', खाली मुकादमाचा अंगठा. निरीक्षकांनी त्या ओळीवर बोट ठेवून विचारलं, "पगारी माणसाला कट्ट्यामागे पैसे कसे?" अक्षर माझं होतं. कुणाकडेच उत्तर नव्हतं. पुढे प्रकरण औरंगाबाद खंडपीठापर्यंत गेलं, चार वर्षं तारखा झाल्या, आणि शेवटी त्याच वहीवरून रक्कम ठरवून भरावी लागली. व्याज आणि वकिलाची फी वेगळी.

१९६९ चा माथाडी कायदा अण्णासाहेब पाटलांनी मुंबईत माथाड्यांना संघटित करून लढा दिला म्हणून आला. रोज वेगळ्या मालकाचं ओझं उचलणाऱ्याला मालकच नसतो, मग रजा, बोनस, पीएफ कुणाकडे मागणार? म्हणून मध्ये मंडळ आणलं. त्यावर मालक, कामगार आणि सरकार तिघांचे प्रतिनिधी असतात. मालकाने मजुरी आणि तिच्यावरची लेव्ही मंडळात भरायची, मंडळाने कामगाराला द्यायची. माझे वडील थप्पीवरून पडले तेव्हा त्यांची नोंदणी नव्हती. तीन महिने घर आईच्या रोजगारावर चाललं. नोंदणीनंतर मात्र म्हातारपणी त्यांच्या हातात पीएफचे पैसे आले. म्हणून 'लेव्ही म्हणजे हप्ता' असं कुणी म्हटलं की मला राग येतो.

हप्ता वेगळा. कट्ट्याला हात न लावता कुणी गेटवर उभा राहून वाराई (माल उतरवण्याचे पैसे) मागत असेल, गाडी अडवत असेल, तर त्याचं पत्र कोणत्याही युनियनचं असो, ती खंडणी आहे. भारतीय न्याय संहितेचं कलम ३०८ त्यासाठीच आहे. गाडी नंबर, वेळ, सीसीटीव्ही घेऊन लेखी तक्रार द्या. मंडळात टोळीची नोंदणी आहे का, हेही विचारा. पण खऱ्या टोळीच्या मागणीला खंडणी म्हणून पोलिसांत गेलात, तर तिथली माणसं पुन्हा तुमच्याशी बोलणार नाहीत.

आता तुमच्या आठ माणसांचं. थेट पगारावरचा कामगार 'असंरक्षित', म्हणजे माथाडी कायदा ज्याला लागू होतो असा, ठरतो का, यावर मुंबई उच्च न्यायालयात कितीतरी खटले झालेत, त्यामुळे नुसत्या पगारपत्रकावर विसंबू नका. त्या कायद्याखालची नोंदणी-लेव्हीची योजना तुम्हाला लागू आहे की नाही हाच वाद असेल, तर त्याच कायद्याच्या कलम ५ प्रमाणे तो प्रश्न राज्य सरकारकडे जातो. सल्लागार समितीशी विचारविनिमय करून सरकार जो निर्णय देईल तो अंतिम. आधी तिथे न जाता थेट स्टे मागितला, की समोरचा वकील पहिला हाच मुद्दा काढतो. तुमच्या माणसांना मिळणारे लाभ एकूणात योजनेपेक्षा कमी नसतील, तर कलम २२ खाली सूट मागता येते. ती मागायची तर हजेरी, पगार, पीएफ, रजा, बोनस सगळं आधीपासून नीट हवं.

हंगामात बाहेरची टोळी बोलावता का? बोलावत असाल तर ती लपवू नका, तिची नोंदणी करून घ्या.

पत्राला मुदतीत लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. आमच्याकडची पहिली दोन पत्रं ड्रॉवरमध्ये पडून राहिली आणि पहिली आकारणी एकतर्फी झाली. खंडपीठात आमच्या वकिलांचा अर्धा वेळ ती दोन पत्रं का पडून राहिली हे सांगण्यात गेला.