एकही नॉर्म नसताना दिव्या देशमुख ग्रँडमास्टर कशी झाली? इतरांना या किताबासाठी वर्षानुवर्षे लागतात, मग तिचा किताब त्यांच्यापेक्षा हलका मानायचा का?

आपल्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. पहिला नियमाचा आहे आणि त्याचे उत्तर सोपे आहे. दुसरा तुलनेचा आहे आणि माझ्या मते खरी चर्चा त्याचीच व्हायला हवी. मी काही वर्षे बुद्धिबळ स्पर्धांमध्ये पंच म्हणून काम केले आहे आणि नॉर्मचा हिशेब लावत बसलेले खेळाडू व पालक जवळून पाहिले आहेत. त्या अनुभवाच्या आधारे लिहितो.

ग्रँडमास्टर होण्याच्या नेहमीच्या मार्गात दोन अटी असतात. खेळाडूचे रेटिंग, म्हणजे निकालांवरून काढलेला त्याच्या ताकदीचा आकडा, कधी ना कधी 2500 पर्यंत पोहोचलेले असावे लागते, आणि एकूण किमान 27 डावांचे, म्हणजे सर्वसाधारणपणे तीन स्पर्धांमधले, नॉर्म जमा व्हावे लागतात. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत 2600 किंवा त्याहून अधिक दर्जाची कामगिरी केल्याचा दाखला. नऊ फेऱ्यांच्या स्पर्धेत आपल्या प्रतिस्पर्ध्यांचे सरासरी रेटिंग 2380 असेल तर नऊपैकी सात गुण लागतात. तीच सरासरी 2475 असेल तर सहा गुण पुरतात. शिवाय प्रतिस्पर्ध्यांपैकी किमान एक तृतीयांश ग्रँडमास्टर असावे लागतात आणि सगळे प्रतिस्पर्धी आपल्याच देशाचे असून चालत नाहीत. त्यामुळे शेवटच्या फेरीत कोणाशी गाठ पडते यावरही पुष्कळ काही अवलंबून असते. सहा गुण झालेल्या खेळाडूला समोर कमी रेटिंगचा प्रतिस्पर्धी मिळाला, तर तो डाव जिंकूनही सरासरी घसरल्यामुळे त्याचा नॉर्म हुकू शकतो, आणि त्यात त्याच्या खेळाचा काडीचाही दोष नसतो.

दुसरा मार्ग थेट किताबाचा आहे. जागतिक बुद्धिबळ महासंघाने, म्हणजे फिडेने, ठरवून दिलेल्या मोजक्या स्पर्धा जिंकणाऱ्या खेळाडूला नॉर्मची अट न लावता किताब दिला जातो. महिला विश्वचषक ही त्यांपैकी एक स्पर्धा आहे. नागपूरची दिव्या देशमुख जुलै 2025 मध्ये जॉर्जियातील बाटुमी येथे ती जिंकली आणि भारताची 88 वी ग्रँडमास्टर झाली. कोनेरू हम्पी, द्रोणावल्ली हरिका आणि आर. वैशाली यांच्यानंतर हा किताब मिळवणारी ती चौथी भारतीय महिला आहे. यात तिच्यासाठी केलेला अपवाद कोणताही नाही. चीनच्या तान झोंगयीला 2017 मध्ये आणि युक्रेनच्या अॅना उशेनिनाला 2012 मध्ये महिला जगज्जेतेपद जिंकल्यावर अशाच पद्धतीने ग्रँडमास्टर किताब मिळाला होता.

आता मार्ग सोपा की अवघड हे पाहू. बाटुमीची स्पर्धा बाद पद्धतीची होती. प्रत्येक फेरीत दोन पारंपरिक डाव, बरोबरी झाली तर जलद डाव, आणि हरलेला खेळाडू घरी. स्विस पद्धतीच्या, म्हणजे कोणीही बाद न होता सर्व फेऱ्या खेळण्याच्या, स्पर्धेत एक डाव गमावून उरलेल्या आठ डावांत नॉर्म भरून काढता येतो, तशी सोय इथे नाही. दिव्याला पंधरावे मानांकन होते. तिने दुसरी मानांकित झू जिनरला टायब्रेकमध्ये, म्हणजे बरोबरीनंतरच्या जलद डावांत, हरवले, उपांत्यपूर्व फेरीत हरिकाला जलद डावांत हरवले, आणि उपांत्य फेरीत माजी जगज्जेत्या तान झोंगयीला 101 चालींच्या डावात नमवले. अंतिम फेरीत हम्पी होती. पारंपरिक दोन्ही डाव बरोबरीत सुटले. 28 जुलै रोजी झालेल्या टायब्रेकचा पहिला जलद डावही बरोबरीत राहिला आणि दुसरा दिव्याने काळ्या सोंगट्यांनी जिंकला. हम्पी ही जलद बुद्धिबळाची दोन वेळची जगज्जेती आहे आणि 2002 मध्ये वयाच्या पंधराव्या वर्षी ती ग्रँडमास्टर झाली तेव्हा दिव्याचा जन्मही झाला नव्हता. शेवटच्या चारही लढतींतील प्रतिस्पर्धी ग्रँडमास्टर होत्या, ही गोष्ट ‘एकही नॉर्म नाही’ असे सांगणाऱ्या बातम्यांत फारशी दिसली नाही.

‘इतरांना वर्षानुवर्षे लागतात’ हा आपला मुद्दा मात्र मला अधिक महत्त्वाचा वाटतो, कारण ती वर्षे कशामुळे लागली हे पाहिल्याशिवाय तुलना न्याय्य होत नाही. महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे यांना 1984 मध्ये आंतरराष्ट्रीय मास्टर, म्हणजे ग्रँडमास्टरच्या खालचा, किताब मिळाला आणि ग्रँडमास्टर किताब 1997 मध्ये, म्हणजे तब्बल तेरा वर्षांनी. विश्वनाथन आनंद आणि दिब्येंदू बरुआ यांच्यानंतर ते भारताचे तिसरे ग्रँडमास्टर ठरले. सात वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळवलेल्या खेळाडूच्या ताकदीत एवढी उणीव होती असे कोण म्हणेल? त्या काळी नॉर्मसाठी लागणारे परदेशी ग्रँडमास्टर भारतातल्या स्पर्धांना क्वचितच येत असत, त्यामुळे युरोपात जाऊन खेळण्यावाचून पर्याय नव्हता, आणि त्यासाठी रजा, पैसा व प्रायोजक या तिन्ही गोष्टी एकाच वेळी जुळून याव्या लागत. पुण्याचे अभिजित कुंटे 2000 मध्ये चौथे भारतीय ग्रँडमास्टर झाले. आनंदच्या 1988 च्या किताबापासून मोजले तर बारा वर्षांत अवघे चार. याउलट नागपूरच्याच संकल्प गुप्ताने 2021 मध्ये सर्बियात लागोपाठच्या स्पर्धा खेळून तिन्ही नॉर्म 24 दिवसांत पूर्ण केले. संकल्पचा खेळ उत्तम होता यात वाद नाही, परंतु एकामागून एक नॉर्मच्या स्पर्धा उपलब्ध असणे आणि तिथे महिनाभर मुक्काम करता येणे हे ठिपसे यांच्या पिढीच्या आवाक्यातच नव्हते. तेरा वर्षे आणि चोवीस दिवस या दोन आकड्यांच्या मधले बरेचसे अंतर पटाबाहेरचे आहे.

महिलांच्या बाबतीत हा पटाबाहेरचा भाग आणखी मोठा होता. रोहिणी खाडिलकर 1976 मध्ये पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळल्या तेव्हा त्यावर आक्षेप घेतला गेला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत पोहोचले, आणि महिलांना अशा स्पर्धांतून वगळता येणार नाही असा निर्वाळा फिडेचे तत्कालीन अध्यक्ष मॅक्स युवे यांना द्यावा लागला. पुढे 1981 मध्ये रोहिणीताई आशियाई विजेत्या झाल्या, पण त्यांच्या नावापुढे लागला तो महिला आंतरराष्ट्रीय मास्टर हा किताब. वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी बहिणींनी राष्ट्रीय महिला विजेतेपद वर्षानुवर्षे घरातच ठेवले होते. खुल्या गटातल्या, म्हणजे पुरुष व महिला दोघांनाही खेळता येणाऱ्या, तगड्या स्पर्धा त्यांच्या वाट्याला नियमितपणे आल्या असत्या तर चित्र वेगळे दिसले असते, असे मला अनेकदा वाटते.

इथे एक घोळ दूर करणे आवश्यक आहे, कारण बातम्यांमध्ये तो सर्रास होतो. महिला ग्रँडमास्टर हा वेगळा किताब असून त्यासाठी 2300 रेटिंग आणि 2400 दर्जाच्या कामगिरीचे नॉर्म लागतात. तो दिव्याकडे आधीपासूनच होता. बाटुमीत मिळाला तो खुला ग्रँडमास्टर किताब, जो आनंद किंवा नाशिकचा विदित गुजराथी यांच्याकडे आहे.

गंमत अशी की खुला किताब मिळालेल्या जगातल्या पहिल्या महिलेवरही असेच बोट ठेवता आले असते. जॉर्जियाच्या नोना गाप्रिंदाश्विली यांनी 1977 मध्ये अमेरिकेतल्या लोन पाइन स्पर्धेत संयुक्त पहिले स्थान मिळवले, आणि पुढच्या वर्षी फिडेने त्यांना ग्रँडमास्टर किताब दिला, तो नॉर्मसाठी लागणाऱ्या डावांची संख्या किंचित कमी पडत असताना. ग्रँडमास्टरांनी भरलेल्या त्या स्पर्धेतली कामगिरीच इतकी भक्कम होती की राहिलेल्या हिशेबाला फिडेने महत्त्व दिले नाही. नॉर्म आणि रेटिंगच्या सर्व अटी रीतसर पूर्ण करून किताब मिळवणारी पहिली महिला सुसान पोल्गार, आणि ते वर्ष 1991.

तरीही आपली शंका निराधार आहे असे मी म्हणणार नाही. तीन स्पर्धांमधले 27 डाव सातत्य तपासतात, तर एक बाद स्पर्धा प्रामुख्याने दडपण पेलण्याची ताकद तपासते. या दोन परीक्षा सारख्या नाहीत. मग दिव्याचे सातत्य तपासायचे असेल तर तिची आधीची कामगिरी पाहावी. 2023 मध्ये आशियाई महिला विजेतेपद, 2024 मध्ये गांधीनगरला अकरा फेऱ्यांत दहा गुणांसह कनिष्ठ मुलींचे जगज्जेतेपद, आणि त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये संघाच्या सुवर्णाबरोबर तिसऱ्या पटावरचे वैयक्तिक सुवर्ण. त्या महिला संघाचे कर्णधार अभिजित कुंटे होते. आणि किताब मिळाल्यानंतरचा पुरावा हवा असेल तर सप्टेंबर 2025 ची समरकंदची ग्रँड स्विस स्पर्धा पाहावी. तिथे महिलांचा गट असतानाही दिव्या खुल्या गटात खेळली, इजिप्तचा ग्रँडमास्टर बासेम अमीन याला तिने हरवले आणि जगज्जेत्या डी. गुकेशला बरोबरीत रोखले.