दरखास्त चालू असताना : वाचकांचे प्रश्न

निकाल लागतो, तो अमलात आणायला दिवाणी कोर्टात दरखास्त पडते, कोर्टाचा बेलिफ दारात येतो आणि मग मला पत्र येते. यावेळची चार.

सर, जिल्हा न्यायालयात अपील दाखल केले, तरी बेलिफ कब्जा घ्यायला आला. हे बेकायदा नाही का?

नाही. अपील म्हणजे स्थगिती नव्हे. स्टेचा (स्थगितीचा) वेगळा अर्ज आजच द्या.

दरखास्तीत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४७ खाली घेतलेली आमची हरकत फेटाळली. कोर्टाच्या आवारातले एक गृहस्थ म्हणतात, अपील टाका, स्टे हमखास. वकील म्हणतात रिव्हिजन (वरच्या कोर्टाकडून हुकमाची मर्यादित तपासणी). खरे कोणाचे?

वकिलांचे. पूर्वी कलम ४७ खालचा निर्णय हुकूमनाम्यातच (दाव्याच्या औपचारिक निकालातच) धरला जाई, म्हणून त्यावर अपील चाले. १९७६ च्या दुरुस्तीने ते बंद झाले. गृहस्थांचा अनुभव बहुधा त्याआधीचा असावा. आता उच्च न्यायालयात कलम ११५ खाली रिव्हिजन, मुदत ९० दिवस. तिलाही २००२ पासून चाळणी आहे. तुमची हरकत मान्य झाली असती तर दरखास्त तिथेच संपली असती का? हो, तर रिव्हिजन. नाही, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली रिट अर्ज.

उलट, जप्त मालावर तिऱ्हाइताने हक्क सांगितला (त्याच संहितेतली ऑर्डर २१, नियम ५८) किंवा कब्जाला अडथळा झाला (नियम ९७ ते १०३), तर त्यावरचा निर्णय हुकूमनाम्यासारखाच. तिथे अपीलच करावे लागते. म्हणून आधी हुकमाची सही-शिक्क्याची नक्कल काढा आणि तो कोणत्या नियमाखाली झाला ते वाचा. चुकीच्या कोर्टात तारखा घेत बसलात, तर तोवर घराला दुसऱ्याचे कुलूप लागते. आणि मूळ निकालच चुकीचा होता, हे दरखास्तीत कोणी ऐकत नाही. ते अपिलात मांडायचे. ‘हमखास स्टे’ विकणाऱ्याला पैसे देऊ नका. स्टे देणे न्यायाधीशांच्या हातात असते, बहुतेक वेळा तारण किंवा रक्कम भरायला सांगूनच.

घराचा लिलाव होऊन ७० दिवस झाले. आजारी होतो. रद्द करता येईल?

बहुधा उशीर झाला. मुदत लिलावापासून ६० दिवस, आणि मुदत कायद्याचे कलम ५ ऑर्डर २१ च्या अर्जांना लागत नाही. डॉक्टरांचा दाखला इथे चालत नाही. साठ दिवसांत आला असतात तर लिलावाच्या जाहीरनाम्यातली वसुलीची रक्कम आणि खरेदीदारासाठी किमतीच्या ५ टक्के भरून घर सुटले असते. लिलाव फसवणुकीने तुमच्यापासून लपवला असेल तर गोष्ट वेगळी. सगळे कागद घेऊन उद्याच वकिलांकडे जा.

दावा जिंकलो. बेलिफ गेला तर प्रतिवादीचा मेव्हणा दारात, ‘जागा माझी’. नवा दावा लावू?

मुळीच नको. अडथळ्यापासून ३० दिवसांत नियम ९७ खाली त्याच कोर्टात अर्ज द्या. मेव्हण्याचा हक्क आहे की नाही, तिथेच ठरेल. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये बजावले आहे. तरी असे मेव्हणे प्रत्येक तालुक्यात उभे राहतातच. निर्णय तुमच्या बाजूने लागला की वरच्या कोर्टात कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका, अशी आगाऊ सूचना) ठेवायला वकिलांना सांगा. ती ९० दिवसच टिकते.