वजन कमी करायचं तर दिवसाला नेमक्या किती कॅलरी घ्याव्यात?

तुम्ही लिहिलंय: स्त्री, वय ३५, उंची १६० सेंमी, वजन ७० किलो, दिवसभर बैठं काम, संध्याकाळी थोडं चालणं. त्यावरच हिशोब करू.

मिफ्लिन-सेंट जिओर हे १९९० सालचं सूत्र घ्या. वजन गुणिले १०, अधिक उंची गुणिले ६.२५, वजा वयाची पाचपट. स्त्री असेल तर आणखी १६१ वजा, पुरुष असेल तर ५ मिळवा. तुमचं उत्तर १३६४ कॅलरी. नुसतं पडून राहिलात तरी शरीर साधारण एवढं जाळतं. आता याला हालचालीच्या आकड्याने गुणायचं: बैठ्या दिनक्रमाला १.२, हलक्या व्यायामाला १.३७५. बहुतेकांचं गणित इथेच फसतं, कारण आपली हालचाल आपल्याला जास्तच वाटते. तुम्ही १.२ धरा, म्हणजे दिवसाचा खर्च साधारण १६४०.

सगळीकडे ५०० कमी करायला सांगतात. तुमच्या बाबतीत ते ११४० वर जाईल, आणि १२०० च्या खाली डॉक्टरांच्या देखरेखीशिवाय कृपा करून जाऊ नका. ३०० कमी करा, म्हणजे दिवसाला साधारण १३४० घ्या, आणि चालणं वाढवा.

खाण्याची नोंद करताना तेल मोजाच. एका मोठ्या चमच्यात सुमारे १२० कॅलरी असतात, आणि नेमका तोच चमचा लिहायचा राहतो.

सूत्र हा अंदाजच. रोज सकाळी वजन करा, आठवड्याची सरासरी काढा. तीन आठवड्यांत सरासरी हललीच नाही तर १०० ने कमी करून पाहा. मधुमेहाची औषधं चालू असतील किंवा बाळाला अंगावर पाजत असाल, तर आधी डॉक्टरांशी बोला.