पियानोवर अरबी संगीतात लागणारे पाव स्वर (दोन शेजारच्या पट्ट्यांच्या मधले सूर) नसतात, मग जॅझवाले अरबी वादकांबरोबर वाजवतात कसे?

बहुतेक वेळा पियानोला सुट्टी देऊन. ट्युनिशियाच्या अन्वर ब्राहेमचा १९९८ चा ‘थिमार’ हा अल्बम ऐका: ऊद (अरबी तंतुवाद्य), डेव्ह हॉलंडचा डबल बास आणि जॉन सरमनचा सॅक्सोफोन किंवा बास क्लॅरिनेट, बस्स. ऊद आणि बासला पडदेच नाहीत, त्यामुळे बोट सरकवलं की हवा तो सूर मिळतो. अमेरिकेतला अमीर अल-सफ्फार तर इराकी मकाम (आपल्या रागासारखी स्वररचना) चक्क ट्रम्पेटवर काढतो, ओठांच्या दाबाने. पियानो हवाच असेल तर नहावंद, कुर्द असे मकाम घ्यायचे; त्यांत पाव स्वर लागत नाहीत. मात्र ‘पाव’ हे ढोबळ नाव आहे (पेटीवर दरबारीचा गंधार शोधून बघा, अडचण कळेल). तोच सूर कैरोत आणि बगदादमध्ये नेमक्या एकाच उंचीवर लागत नाही.