स्किट लिहिणाऱ्या नवोदिताला

तुझं स्किट वाचलं. संवाद खुसखुशीत आहेत, पण पान उलटलं तरी भानगड काय ते कळत नाही. ती पहिल्या मिनिटातच कळली पाहिजे. ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’मधले समीर चौघुले, प्रसाद खांडेकर लिहितातही आणि स्वतः मंचावर उभेही राहतात, म्हणून त्यांची वाक्यं तोंडात बसतात. तूही प्रत्येक वाक्य मोठ्याने म्हणून बघ. ‘मी माझे उसने पैसे मागायला आलो आहे’ असं कोण बोलतं? ‘ते पैशांचं काय झालं?’ एवढं पुरे. हशा ज्या शब्दावर हवा, तो शेवटी ठेव. नाहीतर पुढचं सगळं हशात बुडतं. तालमीत नटांना सुचलेलं लगेच टिपून घे, त्यात खरा माल असतो. आणि मानधन, श्रेयनामावलीतलं नाव आधी लेखी घे. मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचा सभासद हो, तिथे संहितेची नोंदणी होते.