माहितीपटाच्या एडिटिंगवर पोट भरतं का?

हा प्रश्न माझ्याकडे मुलांच्या करिअरचा सल्ला घ्यायला आलेले आई-वडील सहसा विचारतात. जळगावहून आलेल्या मुलीच्या वडिलांनीही बसल्या बसल्या तोच विचारला. मुलगी बी.कॉम. झालेली, लग्नांचे व्हिडिओ एडिट करून बरे पैसे मिळवणारी. आता तिला फक्त माहितीपट करायचे होते. "लग्नं कधी संपायची नाहीत, मॅडम. हे कोण बघतं?" वडिलांचा हिशेब काही चुकीचा नव्हता.

मी तिला विचारलं, एडिटर करतो काय? "शॉट जोडतो. म्युझिक, कलर..." लग्नात तेवढं पुरतं, कारण गोष्ट आधीच ठरलेली असते: हळद, मुहूर्त, पाठवणी. माहितीपटात गोष्ट बरेचदा एडिटिंगला बसल्यावरच सापडते. तासाभराच्या फिल्मसाठी शंभर-दोनशे तासांचं फुटेज समोर येऊ शकतं. ते सगळं बघायचं, लॉग करायचं, म्हणजे कुठल्या शॉटमध्ये काय आहे याची नोंद ठेवायची, मुलाखती कागदावर उतरवायच्या. मग असेंब्ली (निवडलेले शॉट ओळीने लावणं), रफ कट (फिल्मचा कच्चा आराखडा), फाइन कट (त्यावरची बारीक कातरकाम). महिनोन् महिने जातात, आणि जीव लावलेला प्रसंगच शेवटी काढावा लागतो. हे सोसवेल का, ते बोलून कळत नाही.

म्हणून तिला काम दिलं. ओळखीतल्या कुणाचं तरी रोजचं काम मोबाइलवर पाच-सहा तास शूट कर आणि त्यातून आठ मिनिटं काढ. संगीत अजिबात नको. डाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती याला पुरते.

तिने भरिताची वांगी भाजून विकणाऱ्या मावशी निवडल्या. पहिल्या कटमध्ये मावशी नुसत्या बोलत होत्या. दुसऱ्यात गिऱ्हाईक भाव पाडून मागतं आणि मावशी उत्तर न देता काड्यांच्या जाळावरचं वांगं उलटतात, तो शॉट तिने लांबवला होता. का, असं विचारल्यावर म्हणाली, "इथं बोलण्यापेक्षा जास्त कळतं." मला तेवढं पुरेसं होतं. वडिलांना नव्हतं, आणि ते साहजिकच.

मग पैशांचं बोललो. फक्त माहितीपटांवर सुरुवातीची वर्षं निघणं कठीण; महोत्सवातल्या टाळ्यांनी घरभाडं भरत नाही. संस्थांच्या फिल्म, यूट्यूब चॅनेल, सबटायटल, आणि हो, लग्नंसुद्धा, यांवर घर चालवायचं. अहिराणी मुलाखती नीट उतरवणारं माणूस सहज मिळत नाही. तिला ती येते. शिकायचंच असेल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेतला तीन वर्षांचा एडिटिंगचा अभ्यासक्रम कोणत्याही शाखेच्या पदवीधराला खुला आहे, पण जागा मोजक्या. एका प्रवेश परीक्षेवर सगळं टांगू नये.

सध्या ती पुण्यात एका एडिटरकडे सहाय्यक आहे. सिंक (चित्र आणि आवाज जुळवणं) आणि लॉगिंग करते. लग्नसराईत जळगावला जाते. वडिलांनी तिला एकच अट घातली: किती दुरुस्त्या करून द्यायच्या ते कागदावर लिहून घ्यायचं आणि अ‍ॅडव्हान्स हातात पडल्याशिवाय हार्ड डिस्क उघडायची नाही. ही अट मी आता इतरांनाही सांगते.